उत्क्रांती, निवड आणि योगायोग: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

विद्यार्थी, शिक्षक आणि जंगलात-डोंगरात भटकणारे वाचक यांच्याकडून पुन्हापुन्हा येणारे प्रश्न इथे एकत्र केले आहेत. त्यातल्या बहुतेकांची सुरुवात सारखीच असते: “अमुक गोष्ट कशासाठी उत्क्रांत झाली?” प्रत्येक गोष्ट कशासाठी तरी झालेलीच असते, हे त्यात आधीच धरून चाललेलं असतं. ते तसं का धरू नये, हे उलगडून सांगायचा हा प्रयत्न. प्रत्येक उत्तर सुटं वाचता येईल; जिथे दुसऱ्या उत्तराचा आधार लागतो तिथे त्याचा क्रमांक दिला आहे.

१. उत्क्रांती म्हणजेच नैसर्गिक निवड ना?

नाही. एखाद्या समूहात जनुकांचे जे निरनिराळे प्रकार असतात, त्यांचं प्रमाण पिढ्यान्‌पिढ्या बदलत जाणं म्हणजे उत्क्रांती. हे प्रमाण बदलायच्या मुख्य वाटा चार. उत्परिवर्तनामुळे, म्हणजे म्युटेशनमुळे, नवा प्रकार जन्माला येतो. स्थलांतरामुळे बाहेरची जनुकं समूहात शिरतात. नैसर्गिक निवडीत जो प्रकार जगायला आणि संतती वाढवायला मदत करतो, तो वाढत जातो. चौथी वाट जनुकीय विचलनाची, म्हणजे ड्रिफ्टची. तिथे केवळ योगायोगाने प्रमाण वरखाली होतं.

या चारांपैकी जीवाला परिस्थितीशी जुळवून आणणारी प्रक्रिया एकच, नैसर्गिक निवड. बाकीच्या तिघींना जीवाच्या भल्याबुऱ्याशी देणंघेणं नसतं. निवड हे बदलाचं मुख्य साधन आहे, पण एकमेव नाही, असं खुद्द डार्विननेही १८५९ मध्येच लिहून ठेवलं होतं.

२. उन्हाळ्यात त्वचा काळवंडते, गिर्यारोहकाच्या रक्तात तांबड्या पेशी वाढतात. हे अनुकूलन नव्हे का?

उत्क्रांतीच्या अर्थाने नव्हे. ते एका शरीराचं त्याच्या हयातीतलं जुळवून घेणं आहे आणि ते मुलांकडे जात नाही. अनुकूलन म्हणताना आपण समूहाबद्दल बोलत असतो, व्यक्तीबद्दल नाही. त्यासाठी तीन गोष्टी लागतात: व्यक्तीव्यक्तींत फरक हवा, तो फरक आईबापांकडून मुलांकडे जाणारा हवा आणि त्या फरकामुळे संततीच्या संख्येत फरक पडायला हवा. तिन्ही असल्या की निवड आपोआप घडते. एक जरी नसली तरी ती घडत नाही.

ऊन लागल्यावर काळवंडण्याची क्षमता मात्र निवडीतून आलेली असू शकते. शिक्षकांनी वर्गात हा फरक आवर्जून सांगावा, कारण पुढचे निम्मे गोंधळ इथूनच सुरू होतात.

३. बोंडअळीने बीटी कापसाची “सवय करून घेतली” असं गावात म्हणतात. हे चूक आहे का?

रोख कळतो, पण घडलं ते वेगळं आहे. कुठल्याही एका अळीने आयुष्यात काही शिकून घेतलं नाही.

भारतात बीटी कापसाला २००२ मध्ये परवानगी मिळाली. त्यात एका जिवाणूच्या प्रथिनाचं जनुक घातलेलं होतं; हे प्रथिन अळीच्या आतड्याच्या पेशींना चिकटतं आणि ती मरते. २००६ मध्ये अशी दोन प्रथिनं असलेलं वाण आलं. लाखो अळ्यांत अगदी मोजक्या अशा असतात की ज्यांच्या आतड्यातल्या एका प्रथिनाची घडण म्युटेशनमुळे बदललेली असते आणि विष तिथे नीट चिकटत नाही. फवारणी असो वा बीटी, बाकीच्या मेल्या की याच उरतात आणि त्यांची पैदास वाढते. गुजरातेतली गुलाबी बोंडअळी पहिल्या प्रथिनाला दाद देत नाही, हे २०१० मध्ये जाहीर झालं. पुढे दुसरं प्रथिनही निष्प्रभ झालं आणि २०१७ च्या हंगामात विदर्भ-मराठवाड्यातल्या शेतकऱ्यांना त्याची फार मोठी किंमत मोजावी लागली.

हे सगळं आधीच ओळखून बीटीच्या ४५० ग्रॅमच्या पाकिटासोबत १२० ग्रॅम बिगर-बीटी बियाणं दिलं जायचं. शेताच्या कडेने ते लावलं की त्यावर विष न पचवणारे साधे पतंग तयार होतात आणि ते बीटीवर तगलेल्या मोजक्या पतंगांशी जुळतात. प्रतिकाराचं जनुक अप्रभावी असेल, म्हणजे आई आणि बाप दोघांकडून आल्याशिवाय त्याचा परिणाम दिसत नसेल, तर अशा जोडीची संतती बीटीवर मरते. बहुतेक ठिकाणी हे बियाणं लावलंच गेलं नाही. त्यात फरदड घेण्याची, म्हणजे हंगाम संपल्यावरही तेच पीक शेतात उभं ठेवण्याची, पद्धत असल्याने अळीला पुढच्या हंगामापर्यंत अन्नाची सोय होत राहिली. अमेरिकेत ॲरिझोनात शेतकऱ्यांनी आधी बिगर-बीटी पट्टे सांभाळले, नंतर वंध्य पतंग सोडले, आणि २०१८ मध्ये तिथल्या कृषी खात्याने गुलाबी बोंडअळी कापूस पट्ट्यातून हद्दपार झाल्याचं जाहीर केलं. कीड तीच आणि प्रथिनही तेच, पण निवडीचा दाब वेगळा ठेवला म्हणून निकाल वेगळा लागला. हा विषय पुस्तकी आहे असं वाटणाऱ्यांना मी हे उदाहरण आधी सांगते.

४. ड्रिफ्ट म्हणजे नेमकं काय? सोप्या भाषेत सांगा.

एका पोत्यात लाल आणि पांढरी चवळी निम्मी-निम्मी आहे. डोळे मिटून दहा दाणे उचला. नेमके पाच-पाच येतीलच असं नाही. सात लाल, तीन पांढरे येऊ शकतात. आता हे दहाच दाणे पेरले आणि नवं पोतं त्यांच्याच पिकाने भरलं, तर त्यात लाल दाणे सत्तर टक्के असतील. पुन्हा दहा उचला. असं करत गेलं की कधी ना कधी पोत्यात एकच रंग उरतो. तो रंग सरस होता म्हणून उरलेला नसतो.

प्रत्येक पिढी ही मागच्या पिढीच्या जनुकांतून उचललेली अशीच एक मूठ असते. मूठ जितकी लहान, तितका प्रमाणातला धक्का मोठा. एखादी साथ किंवा वणवा येऊन मोजकेच जीव वाचले, किंवा मोजक्यांनी नवी वस्ती वसवली, तर एकाच पिढीत मोठा फेरबदल होतो. पहिल्याला बॉटलनेक म्हणतात, दुसऱ्याला संस्थापक परिणाम.

५. म्हणजे ड्रिफ्ट फक्त लहान समूहांतच चालतो?

चालतो सगळीकडे, लहान समूहात तो निवडीवर मात करू शकतो. ढोबळ नियम असा: एखाद्या बदलाचा फायदा किंवा तोटा, समूहातल्या प्रजनन करणाऱ्या प्रभावी संख्येच्या दुपटीने एकाला भागून येणाऱ्या आकड्यापेक्षा बराच कमी असेल, तर निवडीला तो बदल जवळजवळ दिसतच नाही. माणसाची दीर्घकालीन प्रभावी संख्या साधारण १०,००० धरली जाते. आज आपण ८०० कोटी असलो तरी आपला जनुकीय इतिहास तेवढ्या लहान समूहाचा आहे. त्यामुळे वीस हजारांत एकापेक्षा कमी फायद्या-तोट्याचा बदल माणसात योगायोगावरच तरला किंवा बुडाला. जिवाणूंची प्रभावी संख्या कोट्यवधींत असते, म्हणून तिथे निवडीची नजर फार बारीक असते.

मोठ्या समूहातही नव्या बदलाची सुरुवात एकाच प्रतीपासून होते आणि तिथे योगायोगाचंच राज्य असतं. जनुकशास्त्रज्ञ जे. बी. एस. हाल्डेन यांनी १९२७ मध्ये गणित मांडून दाखवलं की एक टक्का फायदा देणारं नवं म्युटेशन समूहभर पसरण्याची शक्यता सुमारे दोन टक्केच असते. म्हणजे शंभरातले अठ्ठ्याण्णव चांगले बदल वाया जातात! हेच हाल्डेन १९५७ मध्ये भारतात आले, इथले नागरिक झाले आणि १९६४ मध्ये भुवनेश्वरला त्यांचं निधन झालं.

६. ओडिशातल्या सिमिलीपालचे काळे वाघ दाट जंगलात लपायला सोपं जावं म्हणून काळे झाले का?

हे स्पष्टीकरण पटकन सुचतं, आणि म्हणूनच ते तपासून घ्यायला हवं. या वाघांचे पट्टे इतके रुंद आणि एकमेकांत मिसळलेले असतात की अंग जवळजवळ काळं दिसतं. बेंगळुरूच्या राष्ट्रीय जीवविज्ञान केंद्रातल्या उमा रामकृष्णन, विनय सागर आणि सहकाऱ्यांनी २०२१ मध्ये याचं कारण प्रसिद्ध केलं: टॅकपेप नावाच्या जनुकातलं एकच म्युटेशन. ते आई आणि बाप दोघांकडून आलं तरच वाघ असा दिसतो. देशात इतरत्र जंगलांतल्या ज्या वाघांचे नमुने त्यांनी तपासले, त्यांत हा प्रकार सापडला नाही. सिमिलीपालमध्ये मात्र तो खूपच जास्त आहे. तिथले जवळजवळ निम्मे वाघ असे दिसतात.

सिमिलीपालचा समूह लहान आहे आणि इतर वाघांपासून तुटलेला आहे. अशा समूहात एखाद्या दुर्मीळ प्रकाराने एवढी मजल मारायला संस्थापक परिणाम आणि ड्रिफ्ट पुरेसे आहेत, हे गणिताने दाखवता येतं. दाट सावलीत काळ्या रंगाचा थोडा फायदा होतही असेल. पण फायदा गृहीत न धरताही जर सगळं जुळत असेल, तर फायदा सिद्ध करण्याची जबाबदारी तो सांगणाऱ्यावर येते.

७. मग ताडोब्याच्या वाघिणी सिमिलीपालला का नेल्या?

प्रश्न ६ मधल्या कारणासाठीच. लहान, तुटलेल्या समूहात ड्रिफ्टने दुर्मीळ जनुकं जशी वर येतात तशी घातकही येतात, आणि नात्यातल्या नात्यात जोड्या जमल्याने त्यांचे परिणाम उघडे पडतात. बाहेरची जनुकं आत आणणं हा त्यावरचा थेट इलाज. म्हणून २०२४ च्या अखेरीस ताडोबा-अंधारीतून जमुना आणि झीनत या दोन वाघिणी सिमिलीपालला हलवल्या. झीनत तिथून बाहेर पडून झारखंडमार्गे पश्चिम बंगालमध्ये पोचली होती. डिसेंबरअखेर तिला बांकुड्यात पकडून परत आणलं.

“त्याने काळे वाघ संपतील, मग हे का करायचं?” असंही काही वाचक कळवळून विचारतात. काळा रंग डोळ्यांत भरतो हे मला मान्य आहे. तरी समूहाचं आरोग्य रंगापेक्षा मोलाचं आहे, असं माझं स्पष्ट मत आहे. आणि अप्रभावी जनुक पट्ट्यांतून दिसेनासं झालं तरी समूहातून लगेच नाहीसं होत नाही.

८. बॉम्बे ब्लड ग्रुप कशासाठी उत्क्रांत झाला? त्याचा काही फायदा आहे का?

माहीत असलेला फायदा नाही. १९५२ मध्ये मुंबईत डॉ. वाय. एम. भेंडे आणि सहकाऱ्यांनी हा गट प्रथम नोंदवला. ए आणि बी हे प्रतिजन, म्हणजे रक्तगट ठरवणाऱ्या पेशींवरच्या खुणा, ज्या एच नावाच्या पायावर उभे राहतात, तो पायाच या व्यक्तींच्या रक्तपेशींवर नसतो, कारण तो घडवणारं एफयूटी-१ हे जनुक दोन्ही प्रतींत बिघडलेलं असतं. साध्या तपासणीत असं रक्त ‘ओ’ वाटतं, पण ओ गटाचं रक्त दिलं तर शरीर त्याच्यावर तुटून पडतं. या व्यक्तींना रक्त फक्त त्याच गटाच्या दात्याचं चालतं.

भारतात सुमारे दहा हजारांत एकाचा हा गट असतो, तर युरोपात सुमारे दहा लाखांत एकाचा. ही तफावत समजायला फायद्याची गोष्ट रचावी लागत नाही. बिघडलेली प्रत एकट्याने असली तर कुणाला काही त्रास नाही, त्यामुळे निवड तिला हटवत नाही. काही समूहांत ती संस्थापकांपासून चालत आली आणि जातीतल्या जातीत, नात्यात होणाऱ्या लग्नांमुळे दोन बिघडलेल्या प्रती एकत्र येण्याची शक्यता वाढली. रक्त घेण्याची वेळ आली नाही तर या व्यक्ती पूर्ण निरोगी आयुष्य जगतात. आपला गट हा असल्याचं कळलं तर रक्तपेढीत दुर्मीळ दाता म्हणून नाव नोंदवा, एवढी विनंती मात्र नक्की करते.

९. मग विदर्भातला सिकल सेलही असाच योगायोगाने पसरला का?

इथे उत्तर उलट आहे. हिमोग्लोबिनच्या जनुकातलं एक अक्षर बदलतं आणि बीटा साखळीत सहाव्या जागी ग्लुटामिक आम्लाऐवजी व्हॅलिन येतं. दोन्ही प्रती तशा असतील तर गंभीर आजार होतो. एकच असेल तर व्यक्ती वाहक असते, साधारण निरोगी राहते आणि गंभीर मलेरियापासून तिला मोठं संरक्षण मिळतं. अँथनी ॲलिसन यांनी १९५४ मध्ये पूर्व आफ्रिकेतल्या अभ्यासातून हे दाखवून दिलं. जिथे पिढ्यान्‌पिढ्या मलेरिया होता, त्याच पट्ट्यांत हे जनुक टिकून आहे: आफ्रिका, भूमध्य समुद्राचा काही भाग, अरबस्तान आणि भारतात गडचिरोलीपासून नंदुरबारपर्यंतचे आदिवासी पट्टे. महाराष्ट्रातल्या काही जमातींत वाहकांचं प्रमाण २० टक्क्यांहून अधिक आढळलं आहे.

एवढं घातक जनुक एवढ्या प्रमाणात, इतक्या दूरदूरच्या प्रदेशांत केवळ ड्रिफ्टने टिकणं अशक्यप्राय आहे. तरीही शेजारशेजारच्या जमातींत प्रमाण वेगळं का, या प्रश्नाच्या उत्तरात लहान समूहांतला ड्रिफ्ट येतोच. आणि हा ‘फायदा’ ऐकून कुणी आजाराला कमी लेखू नये. निवडीने काढलेला हा तोडगा अत्यंत क्रूर आहे. वाहकांच्या संरक्षणाची किंमत ती मुलांच्या वेदनेतून वसूल करते. लग्नाआधी तपासणी करून घ्या. भारत सरकारचं सिकल सेल निर्मूलन अभियान २०२३ पासून सुरू आहे.

१०. आमचा समाज काही लाखांचा आहे. एवढ्या मोठ्या समाजात संस्थापक परिणाम कसा दिसेल?

आजची लोकसंख्या मोठी असून भागत नाही, सुरुवात किती जणांपासून झाली ते मोजायचं. दोन हजार वर्षांपूर्वी थोड्या कुटुंबांपासून सुरू झालेला समूह आतल्या आत लग्नं करत वाढला, तर लाखोंच्या अंगात त्याच थोड्या पूर्वजांचे जनुकांचे तुकडे असतात. दक्षिण आशियातल्या २६३ समूहांचा एक मोठा अभ्यास २०१७ मध्ये प्रसिद्ध झाला. त्यातल्या ८१ समूहांत संस्थापक परिणाम फिनलंडचे लोक आणि अश्कनाझी ज्यू यांच्यापेक्षाही तीव्र निघाला, आणि हे दोघे या विषयातली ठरलेली उदाहरणं आहेत.

यावरून कुठल्या समाजाला कमी-जास्त लेखायला जागा नाही. कुठल्या जनुकाची गाठ कुणाशी पडली, हा निव्वळ योगायोग आहे.

११. किमुरांच्या सिद्धांताने डार्विन खोटा ठरला का?

नाही. दोघे वेगवेगळ्या पातळीवरच्या गोष्टी सांगतात. जपानी जनुकशास्त्रज्ञ मोटू किमुरा यांनी १९६८ मध्ये मांडलं ते असं: प्रजातींच्या डीएनएत आणि प्रथिनांत काळाच्या ओघात जे फरक साचतात, त्यांतले बहुतेक फायद्याचेही नसतात आणि तोट्याचेही, ते ड्रिफ्टने पसरलेले असतात. डोळा किंवा पंख ड्रिफ्टने झाला, असं ते कुठेही म्हणत नाहीत. घातक बदल निवड सतत काढून टाकते, हे त्यांच्या मांडणीत गृहीतच आहे.

या सिद्धांतातला एक निष्कर्ष मला फार देखणा वाटतो. समूह मोठा असेल तर दर पिढीत नवे तटस्थ बदल जास्त निर्माण होतात, पण त्यातला एखादा समूहभर पसरण्याची शक्यता त्याच पटीत कमी असते. गुणाकारात समूहाचा आकार कटून जातो आणि तटस्थ बदल साचण्याचा वेग म्युटेशनच्या वेगाएवढाच उरतो. दोन प्रजाती केव्हा वेगळ्या झाल्या हे डीएनएवरून सांगणाऱ्या ‘रेणूघड्याळा’चं तर्कशास्त्र यातूनच पक्कं झालं. किमुरांच्या सहकारी तोमोको ओहता यांनी १९७३ मध्ये त्यात मोलाची भर घातली: बरेच बदल अगदी तटस्थ नसून किंचित घातक असतात, आणि ते पुसले जातील की पसरतील हे समूहाच्या आकारावर ठरतं (प्रश्न ५).

१२. कांद्याचा जीनोम माणसाच्या पाचपट आहे म्हणे. कांद्याला एवढी माहिती कशाला लागते?

लागत नाही. जीनोम म्हणजे सजीवाच्या डीएनएचा पूर्ण संच. माणसाचा जीनोम सुमारे ३१० कोटी अक्षरांचा आणि कांद्याचा सुमारे १६०० कोटींचा. त्यातला बराच भाग स्वतःच्याच नकला करत जीनोमभर पसरणाऱ्या तुकड्यांचा आहे. या नकला वनस्पतीच्या उपयोगासाठी झालेल्या नाहीत, त्या नक्कल होऊ शकते म्हणून होतात. प्रत्येक नकलेचा तोटा इतका किरकोळ असतो की निवड तिला काढू शकत नाही.

“माणसाच्या ८० टक्के डीएनएला काही ना काही काम आहे” अशी बातमी २०१२ मध्ये जगभर गाजली. तिथे कामाची व्याख्या फार सैल होती. एखादं प्रथिन तिथे चिकटलं तरी ते काम धरलं होतं. निवडीने जपून ठेवलेला भाग शोधला तर तो दहा टक्क्यांच्याही आत भरतो. जीनोमचा प्रत्येक तुकडा गरजेचा आहे असं ज्यांना वाटतं, त्यांनी आधी कांद्याचा हिशेब द्यावा.

१३. भेकराच्या क्रोमोसोमबद्दल ऐकलं. ते खरं आहे का?

खरं आहे. सह्याद्रीत आढळणाऱ्या भेकराच्या मादीत ६ आणि नरात ७ क्रोमोसोम (गुणसूत्रं, म्हणजे पेशीतल्या डीएनएच्या गुंडाळ्या) असतात, तर चीनमधल्या त्याच्या जवळच्या भाऊबंदात ४६. दिसायला आणि वागायला दोघं बरीच सारखी. भेकराच्या वंशात क्रोमोसोम एकमेकांना जोडले जात गेले. सहा असण्याने भेकराला काही फायदा होतो, असं दाखवता आलेलं नाही. लहान समूहांत ड्रिफ्टने असे जोड पक्के होऊ शकतात.

१४. एखादा अवयव आज उपयोगी पडतो, म्हणजे तो त्यासाठीच उत्क्रांत झाला असणार ना?

हा पुरावा पुरेसा नाही. रक्त लाल आहे ते लाल दिसण्याचा फायदा होता म्हणून नाही. हिमोग्लोबिनमधलं लोह असलेलं रसायन प्रकाशात लाल दिसतं म्हणून. निवड ऑक्सिजन वाहण्यावर झाली, रंग तिच्यासोबत आला. पुरुषांच्या स्तनाग्रांचंही तसंच: गर्भाच्या वाढीचा सुरुवातीचा आराखडा दोन्ही लिंगांना सामाईक असतो.

स्टीफन जे गूल्ड आणि रिचर्ड लेवाँटिन यांनी १९७९ मध्ये या सवयीवर कडक टीका केली. अवयव सुटा करायचा, त्याला एक उपयोग चिकटवायचा आणि तो उपयोग खोटा ठरला की दुसरा शोधायचा, पण “उपयोग नसेलच” हा पर्याय कधी तपासायचाच नाही, असं चालू होतं. त्यांची टीका काही ठिकाणी टोकाला गेली असं मानणारे शास्त्रज्ञ आहेत; मुद्दा मात्र पक्का बसला. लेवाँटिन यांचं आवडतं उदाहरण गेंड्याचं होतं. भारतीय गेंड्याला एक शिंग, आफ्रिकेतल्या गेंड्यांना दोन. शिंग असण्यामागे निवड असेल, पण इथे एक आणि तिथे दोन याला दोन वेगळी कारणं असायची गरज नाही. सुरुवात वेगळ्या जागेवरून झाली म्हणून निवडीचं उत्तरही वेगळं आलं.

याच ओळीत पिसं येतात. उडू न शकणाऱ्या डायनोसॉरांनाही ती होती. एका कामासाठी टिकलेली गोष्ट पुढे दुसऱ्या कामाला लागली, याला गूल्ड आणि एलिझाबेथ व्हर्बा यांनी १९८२ मध्ये एक्झॅप्टेशन हे नाव दिलं.

१५. न वापरलेला अवयव आपोआप झिजत जातो, हे तरी खरं ना?

न वापरल्याने तो पुढच्या पिढीत झिजत नाही. पण त्याच्या जनुकावरची राखण उठते. क जीवनसत्त्व शरीरात बनवणारं जनुक बहुतेक सस्तन प्राण्यांत शाबूत आहे. माणूस आणि माकडांच्या पूर्वजांत ते बिघडलं, गिनीपिगमध्ये वेगळं बिघडलं, काही वटवाघळांत आणखी वेगळं. आहारात फळं-पाला भरपूर असल्याने बिघाड झालेल्यांचं काही अडलं नाही आणि ड्रिफ्टने तो पक्का झाला. लांबच्या समुद्रप्रवासात फळं-भाज्या संपल्यावर खलाशांना स्कर्व्ही व्हायचा, त्याचं मूळ इथे आहे.

गुहेतल्या आंधळ्या माशांचं प्रकरण मात्र इतकं सरळ नाही. डोळा आणि त्यामागचा मेंदूचा भाग पोसायला ऊर्जा लागते, त्यामुळे अंधारात तो जाण्यालाच निवडीचं बळ मिळू शकतं. शिवाय मेक्सिकोतल्या माशांत डोळा लहान करणारी जनुकीय यंत्रणाच तोंडाभोवतालच्या चवग्रंथी वाढवते. म्हणजे ‘गमावणं’ दर वेळी योगायोगाचंच असेल, असंही धरून चालू नका.

१६. कारवी सात-आठ वर्षांनी एकदाच फुलते. हा आकडा निवडीने ठरवला का?

इथे दोन प्रश्न वेगळे करावे लागतात. सगळ्या डोंगरउतारावरची झुडपं एकाच वर्षी का फुलतात? याचं सबळ स्पष्टीकरण असं की एकदम इतकं बी पडतं की खाणारे खाऊन खाऊन थकतात आणि बरंच बी वाचतं. एकटं झुडूप अवेळी फुललं तर त्याचं सगळं बी फस्त होतं, म्हणून निवड एकत्र फुलण्याच्या बाजूने उभी राहते. पण सातच का, नीलकुरिंजीला बाराच का? एकत्र फुलणं महत्त्वाचं असलं की नेमका आकडा त्या वंशाच्या इतिहासातून, योगायोगाने ठरलेला असू शकतो.

१७. एखादं जनुक झपाट्याने पसरलं, म्हणजे ते फायद्याचंच?

तीन अपवाद लक्षात ठेवा. पहिला, शेजाराचा लाभ: क्रोमोसोमवर शेजारी असलेलं जनुक फायद्याचं असेल तर त्याच्यासोबत तटस्थ, कधी किंचित घातक जनुकही ओढलं जातं. जॉन मेनार्ड स्मिथ आणि जॉन हेग यांनी १९७४ मध्ये याचं गणित मांडलं. दुसरा, लोक नव्या प्रदेशात पसरत जातात तेव्हा आघाडीवरच्या मोजक्यांची जनुकं नुसत्या ड्रिफ्टने मोठ्या मुलखावर पसरतात. तिसरा मला सर्वांत विलक्षण वाटतो. उंदरांत टी नावाचा जनुकसमूह आहे; नराकडे त्याची एक प्रत असेल तर तो निम्म्याऐवजी बहुतेक सगळ्या पिल्लांत उतरतो. दोन प्रती आल्या तर पिल्लू मरतं किंवा नर वांझ निघतो. इथे निवड होते, पण ती जनुकाच्या बाजूने आणि उंदराच्या विरोधात. “प्रजातीच्या भल्यासाठी” असे शब्द उत्क्रांतीबद्दल बोलताना वापरू नयेत ते यासाठीच.

१८. नवी प्रजाती तयार व्हायला तरी निवड लागते ना?

तीही लागतेच असं नाही. गालापागोसमधल्या फिंच पक्ष्यांत निवड स्पष्ट दिसते: १९७७ च्या दुष्काळात डॅफ्ने मेजर बेटावर मऊ बी संपलं, जाड चोचीचे पक्षी जास्त तगले आणि पुढच्या पिढीची चोच सरासरीने जाड झाली. पीटर आणि रोझमेरी ग्रँट यांनी ते प्रत्यक्ष मोजलं. याउलट ग्रीसमधल्या गोगलगायींवरून एडमंड गिटेनबर्गर यांनी १९९१ मध्ये दाखवलं की एकाच तऱ्हेच्या जागेत, एकाच तऱ्हेने जगणाऱ्या अनेक प्रजाती नुसत्या एकमेकींपासून तुटल्यामुळे होऊ शकतात. आपल्या पश्चिम घाटात पालघाटची खिंड अशीच आडवी येते. तिच्या उत्तरेला आणि दक्षिणेला शोला जंगलांतले निळे रॉबिन आज दोन वेगळ्या प्रजाती मानले जातात. तुटणं हे पहिलं कारण. त्यात निवडीचा वाटा किती, तो स्वतंत्रपणे मोजावा लागतो.

१९. गुंतागुंतीची रचना तरी निवडीशिवाय होऊच शकत नाही?

डोळ्यासारखा, अनेक भाग एका कामासाठी अचूक जुळलेला अवयव निवडीशिवाय होत नाही. पण ‘गुंतागुंत’ आणि ‘अचूक जुळणी’ एक नव्हेत. बुरशीच्या पेशीत आम्ल पंप करणारं एक प्रथिनांचं कडं आहे. इतर सजीवांत ते दोन प्रकारच्या प्रथिनांचं असतं, बुरशीत तीन प्रकारच्या. पूर्वज प्रथिनं प्रयोगशाळेत पुन्हा घडवून २०१२ मध्ये असं दाखवलं गेलं की एका जनुकाच्या दोन प्रती झाल्या आणि दोघींनी वेगवेगळ्या बाजूंनी चिकटण्याची क्षमता गमावली. आता दोघींशिवाय कडं पुरं होत नाही. भाग वाढले, पण काम पूर्वीइतकंच राहिलं.

२०. इतकं सगळं मिसळलेलं असताना निवड आणि योगायोग वेगळे ओळखायचे कसे?

आधी “इथे फक्त ड्रिफ्ट आहे” असं धरायचं आणि त्यातून काय दिसायला हवं ते मोजायचं. निरीक्षण त्यापासून फार दूर गेलं तरच निवडीचा दावा करायचा. प्रथिन बदलणारे आणि न बदलणारे डीएनएतले फरक यांचं गुणोत्तर ही एक कसोटी. न बदलणारे जवळजवळ तटस्थ असतात, त्यांच्या तुलनेत बदलणारे जास्त साचले असतील तर निवडीचा हात दिसतो. फारच कमी असतील तर जुनं जपणारी निवड दिसते. दुसरी कसोटी पुनरावृत्तीची. एकाच दाबाखाली स्वतंत्र समूहांत एकाच जनुकात बदल झाले, तर ते योगायोग मानणं कठीण.

२१. एकाच बदलात दोन्हींचा हात असू शकतो का?

असू शकतो, आणि त्याचा सर्वांत स्वच्छ पुरावा प्रयोगशाळेतला आहे. रिचर्ड लेन्स्की यांनी फेब्रुवारी १९८८ मध्ये ई. कोलाय जिवाणूंचे एकसारखे १२ समूह वाढवायला सुरुवात केली; हा प्रयोग ७५,००० पिढ्यांच्या पुढे गेला आहे. बाराही समूह त्या वातावरणात जास्त वेगाने वाढू लागले, ही निवड. पण त्या द्रवात सायट्रेटही होतं, जे हे जिवाणू ऑक्सिजन असताना खाऊ शकत नाहीत. सुमारे ३१,५०० पिढ्यांनंतर एका समूहाला ते जमलं. जमल्यावर ती क्षमता निवडीने लगेच पसरली.

एकालाच का जमलं? दर ५०० पिढ्यांनी नमुने गोठवून ठेवलेले होते. झॅकरी ब्लाउंट यांनी त्याच समूहाचे जुने नमुने वितळवून प्रयोग पुन्हा चालवला. सायट्रेट खाणारे जिवाणू पुन्हा निघाले, पण फक्त २०,००० पिढ्यांच्या आसपास किंवा त्यानंतरच्या नमुन्यांतून. त्याआधीच्या नमुन्यांतून एकही नाही. मधल्या काळात त्या एका वंशात असे काही बदल साचले होते, ज्यांच्याशिवाय पुढचं म्युटेशन उपयोगी पडलंच नसतं. उरलेल्या अकरा समूहांपुढे तेच सायट्रेट इतकी वर्षं आहे आणि त्यांतल्या एकालाही ते अजून खाता आलेलं नाही.